चित्रकाराची दृष्टी आणि चित्रपट : हुसेन यांच्या चित्रपटकृतींचा विचार

चित्रकाराने चित्रपट काढावा, ह्यात महाराष्ट्राला नवल वाटण्याचे काही कारण नाही. आपल्याकडे चित्रपटकलेचा पाळणाच मुळी चित्रकारांच्या घरी हलला. दादासाहेब फाळके १८८५ साली मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत शिकले आणि पुढे बडोद्याच्या कलाभवनात त्यांनी चित्रकलेबरोबर छायाचित्रणाचीही साधना केली. 'राजा हरिश्चंद्र' हा बोलपट नसलेला पहिला मोठा चित्रपट त्यांनी १९१३ मध्ये लोकांपुढे आणला. परंतु त्याच्याही आधी, १९१२ साली, वाटाण्याच्या दाण्याला अंकुर फुटून त्याचा वेल कसा होतो हे एकेक चित्र टिपून त्यांनी पडद्यावर दाखवले होते. त्या एवढ्याशा चित्रपटात राजा नाही, राणी नाही, सत्त्वपरीक्षा नाही. एक दाणा आहे, माती आहे आणि काळ आहे. प्रयोगशील चित्रपट म्हणून ज्याचा आज गौरव होतो, त्याचे बीज मराठी मातीत असे शब्दशः रुजले होते.

पण त्या बीजाचा पुढे वृक्ष झाला नाही. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर ह्यांनी नाटकांचे पडदे रंगवता रंगवता कॅमेरा सिद्ध केला, 'सैरंध्री' (१९२०) आणि 'सावकारी पाश' (१९२५) यांसारखे चित्रपट निर्माण केले. अंधुक उजेडातली झोपडी आणि तिच्यापुढे रडणारे कुत्रे ह्या त्यांच्या दृश्याची आठवण जुने जाणकार काढीत आले, ती त्यातील चित्रगुणामुळेच. त्यांच्या तालमीत तयार झालेल्या दामले-फत्तेलाल ह्यांच्या 'संत तुकाराम' (१९३६) चित्रपटाची व्हेनिसच्या महोत्सवात १९३७ साली प्रशंसा झाली. ही सारी परंपरा थोर आहे. तथापि, तिच्यात चित्राने आख्यानाची सेवा पत्करली हेही मान्य केले पाहिजे. आपल्या पडद्यावर कीर्तनकार पुढे आणि चित्रकार मागे टाळकऱ्यांत उभा, अशी व्यवस्था कायम झाली. टाळकऱ्यावाचून कीर्तन रंगत नाही हे खरे, परंतु टाळकऱ्याला स्वतःचे काही सांगायचे असेल तर काय, हा प्रश्न पुष्कळ वर्षे कोणी विचारला नाही.

तो प्रश्न १९६७ साली एका चित्रकाराने विचारला. पंढरपुरात जन्मलेले, इंदुरात वाढलेले आणि मुंबईत नावारूपाला आलेले मकबूल फिदा हुसेन हे ते चित्रकार होत. त्यांच्या चित्रांविषयी मराठीत बरेच लिहिले गेले आहे, वादही पुष्कळ झाले आहेत. त्यांच्या चित्रपटांचा मात्र साहित्यविचाराच्या अंगाने परामर्श फारसा घेतला गेलेला नाही. तो घेणे हा ह्या लेखाचा हेतू आहे. मालव्यात राहणाऱ्या आम्हा मराठी वाचकांना ह्या विषयाची ओढ वाटावी, ह्याला कारणेही आहेत. ती ओघाने येतीलच.

१

हुसेन ह्यांची दृष्टी घडली कशी, हे प्रथम पाहू. वयाच्या दुसऱ्या वर्षाच्या आतच मातृसुख हरपलेला हा मुलगा वडिलांबरोबर इंदुरास आला. आजोबा पत्र्याचे काम करीत, कंदील बनवीत व दुरुस्त करीत. इंदुरात त्या काळी देवळालीकर मास्तरांनी चित्रकलेचे जे विद्यापीठच जणू उभारले होते, त्याची हवा ह्या मुलाला लागली. नारायण श्रीधर बेंद्रे, देवकृष्ण जटाशंकर जोशी, विष्णु चिंचाळकर हे त्याच वर्तुळातले. चिंचाळकर गुरुजींनी पुढे वाळक्या काटक्या, फुटके डबे, टाकून दिलेल्या चिंध्या ह्यांतून पक्षी आणि माणसे घडवली. वस्तूकडे तिच्या उपयोगापलीकडे पाहण्याची ही सवय इंदूरच्या त्या पिढीत मुरलेली होती, असे आम्हांस वाटते. हुसेन ह्यांचा कंदील आणि गुरुजींची काटकी ह्यांच्यात आम्हांला एक नाते दिसते.

मुंबईस आल्यावर हुसेन ह्यांनी चित्रपटांचे प्रचंड फलक रंगवून पोट भरले. ह्या उमेदवारीचा उल्लेख सगळेच चरित्रकार गरिबीची करुण कथा म्हणून करतात. आम्ही तिच्याकडे निराळ्या दृष्टीने पाहतो. फलक रंगवणाऱ्याला संपूर्ण आकृती एकाच वेळी दिसत नाही. त्याच्या समोर कधी केवळ एक डोळा असतो, कधी हनुवटी, कधी बोटे. शिडीवरून उतरून रस्त्याच्या पलीकडे गेल्यावरच त्या तुकड्यांचा चेहरा होतो. तुकड्याने पाहायचे आणि मनात जुळवायचे, हा चित्रपटसंकलनाचाच धर्म आहे. तो हुसेन ह्यांच्या हाताला कॅमेरा येण्यापूर्वी तीस वर्षे लागलेला होता.

१९४७ साली स्थापन झालेल्या प्रगतिशील कलावंतांच्या गटात सूझा, रझा, आरा, गाडे व बाकरे ह्यांच्याबरोबर हुसेन सामील झाले. त्यानंतरची त्यांची दोन मोठी चित्रे येथे ध्यानात घेण्याजोगी आहेत. 'ग्रामयात्रा' (१९५४) हे चित्र तेरा लहानलहान प्रसंगचित्रांचे मिळून झालेले आहे. अनेक दशके ते नॉर्वेतील एका रुग्णालयाच्या भिंतीवर होते आणि मार्च २०२५ मध्ये न्यूयॉर्कच्या लिलावात त्याला १ कोटी ३८ लक्ष डॉलर मिळाले, म्हणून त्याचे नाव वर्तमानपत्रांतून सर्वतोमुखी झाले. किमतीचा प्रश्न व्यापाऱ्यांचा. आमच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट ही की, त्या चित्रात एक गाव एका दृष्टिक्षेपात मावलेले नाही. जाते, बैलगाडी, माय-लेकरू असे एकेक दृश्य चौकटीत येते आणि पाहणाऱ्याचा डोळा एका चौकटीतून दुसरीत प्रवास करतो. 'जमीन' (१९५५) ह्या चित्राचीही बांधणी अशीच आहे. चित्र स्थिर आहे, पण त्याचे वाचन चालते आहे. अशा चित्रकाराच्या हाती पुढेमागे कॅमेरा येणे हे अपरिहार्यच होते, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

२

'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' हा लघुपट फिल्म्स डिव्हिजन ह्या सरकारी संस्थेने काढला. १९४८ साली स्थापन झालेली ही संस्था २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. एके काळी कोणत्याही चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी तिचे वार्तापट व माहितीपट दाखवावेच लागत. धरणे, कालवे, पुढाऱ्यांचे दौरे आणि त्यांवरचे गंभीर आवाजातले निवेदन, हे त्या पटांचे ठरलेले रूप वयस्क वाचकांच्या स्मरणात असेल. साठ ते सत्तरच्या दशकात झां भावनगरी ह्यांच्यासारख्या जाणत्या माणसाच्या प्रोत्साहनामुळे तेथे सुखदेव, शास्त्री, प्रमोद पती ह्यांना काही वेगळे करून पाहण्याची मोकळीक मिळाली. हुसेन ह्यांनाही ती मिळाली. ह्या लघुपटास १९६७ च्या बर्लिन महोत्सवात लघुपटांसाठीचे 'सुवर्ण अस्वल' लाभले आणि भारत सरकारनेही प्रयोगशील चित्रपट म्हणून त्याचा गौरव केला.

वीस मिनिटांहूनही कमी लांबीचा हा कृष्णधवल पट आहे. आरंभी चित्रकार स्वतः समोर येतो आणि ह्यात गोष्ट नाही, राजस्थानातून जाताना मनावर उमटलेले ठसे आहेत, अशा आशयाचे थोडके बोलतो. त्यानंतर शब्द थांबतात. विजयराघव राव ह्यांचे संगीत तेवढे राहते. बुंदी, चितोड, जेसलमेर येथील भिंती, गड, वाळू, बायाबापड्या, जनावरे आपल्यापुढून जातात. आणि त्यांच्यात मधूनमधून तीन वस्तू येतात : एक छत्री, एक कंदील, एक जोडा. त्या कोणी आणल्या, कशासाठी आणल्या, ह्याचा खुलासा होत नाही. गड गडाच्या ठिकाणी, गाय गाईच्या ठिकाणी आहे, ह्या वस्तू मात्र कोठेच्याच नाहीत.

हा लघुपट आमच्या शाळेतील वरच्या वर्गाच्या मुलांना दाखवला असता एका मुलीने लगेच विचारले, "ह्यात गोष्ट कुठं आहे, सर?" दुसऱ्या एका मुलाने थोडा वेळ जाऊ देऊन विचारले, "ती छत्री कोणाची?" पहिला प्रश्न आमच्या शालेय अध्यापनातून आला आहे. कविता शिकवली की 'मध्यवर्ती कल्पना लिहा' आणि धडा शिकवला की 'तात्पर्य सांगा', ही रूढी इतकी दृढ झाली आहे की, ज्याचे तात्पर्य निघत नाही ते पाहिलेच नाही, असे मुलांना वाटते. दुसरा प्रश्न मात्र त्या मुलाच्या डोळ्यांनी विचारला. तो प्रश्न म्हणजेच ह्या लघुपटाची किल्ली आहे, असे आमचे मत झाले आहे.

छत्री कोणाची? कंदील कोणाचा? जोडा कोणाचा? छत्री मस्तकासाठी असते, कंदील डोळ्यांसाठी आणि जोडा पावलांसाठी. ह्या तिन्ही वस्तू मनुष्यदेहाच्या मापाने घडवलेल्या आहेत आणि तो देहच येथे नाही. उन्हात उघडलेल्या छत्रीखाली कोणी नाही. दिवसाच्या लख्ख प्रकाशातल्या कंदिलाला कोणाला वाट दाखवायची नाही. जोड्यात पाय नाही. वस्तू आपल्या धन्यापासून दुरावलेल्या आहेत. ह्या दुराव्याचा सूर एकदा कानी पडला की, मग सर्व दृश्यांना एक अंतःसूत्र असल्याचे जाणवू लागते. ओसाड गडही आपल्या राजापासून दुरावलेला आहे, वाळूही पाण्यापासून दुरावलेली आहे. आणि वाळवंटातली छत्री? ती तर मेघाचीच वाट पाहत असणार!

३

उज्जयिनीत बसून मेघाची वाट पाहणारे कोणतेही चित्र डोळ्यांपुढे आले की, कालिदासाचे स्मरण होणे क्रमप्राप्तच आहे. 'मेघदूता'तला पूर्वमेघ हा कथानकाच्या दृष्टीने पाहिला तर काय आहे? रामगिरीवरून निघालेल्या एका मेघाला वाटेत काय काय दिसेल, त्याचे वर्णन. नद्या, डोंगर, गावे, बगळ्यांच्या ओळी, शेतकऱ्यांच्या बायका. उज्जयिनी त्याच्या सरळ वाटेवर नाही, तरी वाकडी वाट करून तिकडे जा, महाकाळाची सायंपूजा पाहा, असा यक्षाचा आग्रह. यक्ष त्या मेघाला वाट सांगत नाही, पाहणे शिकवतो आहे. कॅमेऱ्याचा शोध लागण्यापूर्वी दीड हजार वर्षे कवीने आकाशातून चालणाऱ्या डोळ्याची कल्पना केली आणि त्या डोळ्याला आख्यानाच्या जाचातून मोकळे केले. तेव्हा कथाविरहित दृश्यमालिका ही पाश्चात्त्यांकडून उसनी आणलेली विकृती आहे, असा जो आक्षेप आमच्याकडील काही विद्वान घेतात, त्यात तथ्य नाही.

पाश्चात्त्य उदाहरणे अर्थातच आहेत. फ्रेंच चित्रकार फेर्नां लेजे ह्याने १९२४ साली काढलेल्या 'बाले मेकानिक' ह्या चित्रपटात बाटल्या, टोप्या, यंत्रांचे दट्टे ह्यांचा नाच आहे. रशियन दिग्दर्शकांनी तर दोन दृश्ये शेजारी ठेवल्याने दोहोंत नसलेला तिसरा अर्थ निर्माण होतो, हा सिद्धांतच मांडला. हुसेन ह्यांना हे सर्व ठाऊक असणे शक्य आहे. पण लेजेच्या वस्तू यंत्रयुगाच्या आहेत. त्या फिरतात, आपटतात, गरजतात आणि माणसावाचून त्यांचे काही अडत नाही. हुसेन ह्यांच्या वस्तू घरच्या आहेत, आजोबांच्या खुंटीवरच्या आहेत आणि माणसावाचून त्यांचे सर्वस्वी अडले आहे. हा भेद लक्षात घेतला म्हणजे उसनवारीचा आक्षेप आपोआप गळून पडतो.

येथे मर्ढेकरांच्या सौंदर्यविचाराची आठवण करणे उपयुक्त होईल. 'सौंदर्य आणि साहित्य' (१९५५) ह्या ग्रंथात त्यांनी कलाकृतीच्या घटकांतील संवाद, विरोध व समतोल ह्या लयीच्या तत्त्वांवर सौंदर्याची उभारणी केली. विषयाच्या मोठेपणावरून किंवा बोधावरून कलेचे मूल्य ठरवू नये, असे त्यांनी निक्षून सांगितले. हुसेन ह्यांच्या लघुपटाला हे निकष लावून पाहावेत. छत्रीचा काळा अर्धगोल आणि घुमटाचा अर्धगोल ह्यांचा संवाद, छत्रीचा काळेपणा आणि वाळूचा शुभ्रपणा ह्यांचा विरोध, भव्य गड आणि हातभर कंदील ह्यांच्यात साधलेला समतोल. मर्ढेकरांची परिभाषा येथे हातमोज्यासारखी नेमकी बसते. आख्यानाच्या आधारावाचून वीस मिनिटांचा हा पट विस्कळीत का होत नाही, ह्याचे उत्तर ती देते.

परंतु ते उत्तर पुरे पडत नाही, हेही सांगितले पाहिजे. छत्रीच्या जागी तितक्याच आकाराचा व रंगाचा एखादा काळा पत्रा ठेवला असता तर लयीचे गणित बिघडले नसते, पण पट मात्र मेला असता. कारण छत्री ही नुसता आकार नव्हे. ती छत्री आहे. तिच्याबरोबर पावसाळे येतात, शाळेची वाट येते, म्हातारपणाची काठी येते. आकाराला चिकटून आलेली ही स्मृती लयीच्या हिशेबात धरता येत नाही. तिच्यासाठी आपल्याला आनंदवर्धनाकडे वळावे लागते. वाच्यार्थ संपल्यावरही घंटेच्या नादासारखे जे काही मागे घुमत राहते, त्याला ध्वनी म्हणण्याची आपली परंपरा आहे. हुसेन ह्यांच्या वस्तूंमध्ये तो ध्वनी आहे. म्हणून आमच्या मते ह्या लघुपटाचा विचार करताना मर्ढेकरांची लय आणि आनंदवर्धनाचा ध्वनी ही दोन्ही साधने एकत्र वापरली पाहिजेत. पहिल्याने त्याची बांधणी कळते, दुसऱ्याने त्याची हुरहूर कळते.

४

ह्याच ठिकाणी एका मोहापासून समीक्षकाने सावध राहिले पाहिजे. तो मोह म्हणजे चरित्रातून अर्थ काढण्याचा. कंदील आला की 'आजोबांचा व्यवसाय' म्हणावे आणि निश्चिंत व्हावे! जोड्याच्या बाबतीत तर हा मोह फारच मोठा आहे. गजानन माधव मुक्तिबोध हे हिंदीतील श्रेष्ठ कवी घराण्याने मराठी. त्यांचे धाकटे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध मराठी कविता-कादंबरीत प्रसिद्ध आहेत. गजानन माधवांचे बालपण व शिक्षण उज्जैनीत झाले, काही काळ त्यांनी येथे शिक्षकाचे कामही केले. ११ सप्टेंबर १९६४ रोजी दिल्लीत त्यांचे निधन झाले. त्यांच्या अंत्ययात्रेत हुसेन सामील झाले होते आणि तेव्हापासून आपण पादत्राणे सोडली, असे त्यांनी पुढे सांगितले. त्यानंतर तिसऱ्याच वर्षी ह्या अनवाणी माणसाच्या चित्रपटात एक रिकामा जोडा येतो!

आम्हा उज्जैनकरांना हा योग हृदयस्पर्शी वाटतो, ह्यात शंका नाही. तथापि, जोडा म्हणजे मुक्तिबोध असे समीकरण मांडणे म्हणजे कलाकृतीचे कोडे करणे होय. कोड्याला एकच उत्तर असते आणि ते सापडले की कोडे संपते. प्रतीक आणि प्रतिमा ह्यांत हाच फरक आहे. प्रतीकाला किल्ली लागते. प्रतिमा उघडीच असते, आपण तिच्यात शिरायचे असते. मुक्तिबोधांचे नावही न ऐकलेल्या बर्लिनच्या प्रेक्षकांना तो जोडा भिडला, ह्याचे कारण तो प्रतिमा होता हेच. चरित्राचे ज्ञान आपल्या आस्वादाला गहिरेपणा देते, पण आस्वादाचा पाया ते होऊ शकत नाही.

ह्या लघुपटात उणिवा नाहीत असे नव्हे. काही ठिकाणी राजस्थानचे सौंदर्य इतके आयते हाती येते की चित्रकाराच्या दृष्टीला काही करावेच लागत नाही आणि मग प्रवाशाच्या छायाचित्रांची कळा येते. क्वचित वस्तूंची मांडणी हेतुपुरस्सर केलेली आहे हे नको तितके जाणवते. आरंभीच्या निवेदनाचीही गरज होती असे आम्हांस वाटत नाही. गोष्ट नाही हे सांगितल्यामुळे प्रेक्षक गोष्टच शोधू लागतो. पण ह्या उणिवा गौण आहेत. अकबर पदमसी ह्यांनी रेषांच्या आराखड्यांना गती देऊन केलेला 'सिझिजी' आणि तैयब मेहता ह्यांनी मुंबईतील कत्तलखान्याच्या दृश्यांतून उभा केलेला 'कूडल' (१९७०) ह्यांच्यापूर्वी हुसेन ह्यांनी ही वाट पाडली, आणि पहिल्याच पावलाला ती बरीच दूर नेली.

५

ह्यानंतर तेहतीस वर्षांनी, वयाची पंचाऐंशी गाठत असताना, हुसेन ह्यांनी 'गजगामिनी' (२०००) हा पूर्ण लांबीचा चित्रपट निर्माण केला. आता त्यांच्या दिमतीला माधुरी दीक्षित ह्यांच्यासारखी लोकप्रिय अभिनेत्री होती, अशोक मेहता ह्यांचे छायालेखन होते, भूपेन हजारिका ह्यांचे संगीत होते. ह्या चित्रपटात एकच स्त्री अनेक रूपांनी वावरते. कोठे ती बनारसच्या घाटावरची अंध गायिका आहे, कोठे कालिदासाची शकुंतला, कोठे लिओनार्दोची मोनालिसा. प्रेमचंदांची निर्मलाही तेथे भेटते. युगायुगांतून चालत आलेल्या स्त्रीशक्तीचे दर्शन घडवावे, अशी ही भव्य कल्पना.

कल्पना भव्य खरी, परंतु ती कल्पनाच राहिली. १९६७ च्या लघुपटात वस्तू होत्या आणि अर्थ आपण करीत होतो. येथे अर्थ आधीच ठरलेले आहेत आणि त्यांना वस्त्रे नेसवून उभे केले आहे. शकुंतला येते ती शकुंतला म्हणून नव्हे, 'शकुंतला' ह्या नावाची पाटी घेऊन. कालिदास, लिओनार्दो, प्रेमचंद ही नावे उच्चारली गेल्याने त्यांचे तेज पडद्यावर उतरत नाही. चित्रकार येथे शब्दांवर विसंबला आहे आणि शब्द त्याचे माध्यम नव्हे. जेथे ती स्त्री काही न बोलता नुसती चालते, तेथे मात्र चित्रपटाला एकदम प्राण येतो. 'गजगामिनी' हे संस्कृत कवींचे जुने विशेषण. चाल हाच त्याचा विषय, आणि चाल ही चित्रात दाखवता येत नाही, चित्रपटातच दाखवता येते. ज्या एका गोष्टीसाठी चित्रकाराने कुंचला ठेवून कॅमेरा उचलावा ती गोष्ट हुसेन ह्यांना गवसली होती. दुर्दैवाने तिच्याभोवती संवादांची आणि संदर्भांची इतकी गर्दी झाली की, ती चालणारी स्त्री त्या गर्दीत हरवली.

ह्यावरून निघणारा निष्कर्ष काहीसा विपरीत वाटेल, पण तो आम्हांस टाळता येत नाही. 'गजगामिनी'त कालिदास हे पात्र आहे आणि कालिदासाची दृष्टी नाही. 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर'मध्ये कालिदासाचे नावही नाही आणि दृष्टी मात्र त्याची आहे. आमच्या नगरीत १९५८ पासून कालिदास समारोह भरतो व त्यात कालिदासाच्या काव्यावरील चित्रांचे प्रदर्शनही असते. तेथील चित्रे पाहतानाही हाच अनुभव येतो. काही चित्रकार श्लोकाखाली चित्र काढतात, काही श्लोकातून बाहेर पाहतात. पहिल्या प्रकारात श्लोक झाकला की चित्राला अर्थ उरत नाही. दुसऱ्या प्रकारात श्लोक आठवला नाही तरी चित्र बोलते.

'मीनाक्षी' (२००४) हा त्यांचा पुढचा चित्रपट 'गजगामिनी'पेक्षा अधिक सावरलेला आहे. लेखणी अडलेला एक कादंबरीकार आणि आपल्यावर लिही असे त्याला सांगणारी एक स्त्री, एवढ्या सूत्रावर हैदराबाद, जेसलमेर आणि प्राग ह्या तीन शहरांचे रंग विणलेले आहेत. संतोष सिवन ह्यांच्या कॅमेऱ्याने ते रंग उत्कृष्ट टिपले. निर्मात्याची निर्मितीच निर्मात्याला जाब विचारते ही कल्पना वाङ्मयाला नवी नाही, पण येथे ती शहराशहरातून बदलणाऱ्या रंगांच्या द्वारे येते, हे विशेष. जेसलमेरच्या वाळूत पुन्हा आलेला हा वृद्ध चित्रकार तेथे छत्री ठेवून गेला होता, हे ज्यांना आठवते त्यांना तो भाग पाहताना निराळेच समाधान मिळेल. एका गीतातील शब्दांवर धार्मिक आक्षेप आल्यामुळे हा चित्रपट चित्रगृहांतून लवकरच काढून घेण्यात आला.

आक्षेपांचा हा विषय निघाला आहे, तेव्हा त्यावरही दोन शब्द लिहिणे प्राप्त आहे. त्यांच्या काही देवताचित्रांवरून १९९६ पासून जो क्षोभ उसळला, त्याने अनेकांच्या भावना दुखावल्या होत्या हे नाकारण्यात अर्थ नाही. त्यांच्यावर खटले भरले गेले. २००६ साली त्यांनी देश सोडला. २००८ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने त्या चित्रांसंबंधीचे काही खटले रद्द केले, पण ते परतले नाहीत. २०१० मध्ये त्यांनी कतारचे नागरिकत्व घेतले आणि ९ जून २०११ रोजी लंडनमध्ये त्यांचा अंत झाला. चित्र आवडले नाही तर तसे लिहावे, कठोर लिहावे. 'गजगामिनी'विषयी आम्ही वर तेच केले आहे. परंतु टीकेचे उत्तर टीकेने, चित्राचे उत्तर चित्राने द्यायचे, ही वाङ्मयीन संस्कृतीची रीत आहे. चित्रकाराला देशांतर करावे लागणे हे त्या रीतीचे अपयश होय. पंढरपूरच्या मातीतून निघालेला हा माणूस परक्या भूमीत निजला, ह्याचा विषाद त्याच्या चित्रांशी मतभेद असणाऱ्यांनाही वाटावा.

६

एकंदर विचार करता हुसेन ह्यांच्या चित्रपटकृतींविषयी आमचा अभिप्राय असा आहे. साधने जेव्हा तुटपुंजी होती, रंग नव्हते, नटी नव्हती, संवाद नव्हते, तेव्हा त्यांची दृष्टी सर्वांत निर्मळ होती. साधने वाढली तशी दृष्टीवर कल्पनांची पुटे चढली. हे एकट्या हुसेन ह्यांचेच वैगुण्य नव्हे. पुष्कळ कवींची पहिली सुनीते त्यांच्या पुढील महाकाव्यांपेक्षा सरस असतात. परंतु ज्याच्या नावावर एक तरी अशी कृती आहे की, जी पाहिल्यानंतर खुंटीवरची छत्री पूर्वीसारखी दिसत नाही, त्या कलावंताने आपले काम केले आहे.

मराठी समीक्षेसमोर मात्र ह्यातून एक काम उभे राहते. आपली समीक्षा शब्दांच्या कलांत मुरलेली आहे. चित्रपटाविषयी लिहितानाही आपण कथा सांगतो, अभिनयाला गुण देतो आणि थांबतो. दोन दृश्यांमधील नाते, वस्तूचे मौन, चौकटीच्या बाहेर राहिलेले जग ह्यांविषयी बोलायला आपल्याजवळ शब्द कमी पडतात. ते शब्द बाहेरून आणण्याची फारशी गरज नाही. लय, ध्वनी, विरह, अद्भुत असे पुष्कळ शब्द आपल्या घरातच आहेत, ते केवळ नव्या वस्तूंवर लावून पाहायचे आहेत. 'विष्णुधर्मोत्तर' पुराणात तर चित्र शिकू इच्छिणाऱ्या राजाला मार्कंडेय ऋषी आधी नृत्य शिकायला सांगतात आणि नृत्यासाठी वाद्य, वाद्यासाठी गीत अशी साखळी मागे नेतात. कलांची कुळे निराळी असली तरी गोत्र एक आहे, हे आपल्या पूर्वजांना ठाऊक होते.

म्हणून आमची सूचना साधी आहे. साहित्य संस्थांनी वर्षातून एखादी सायंकाळ अशा लघुपटांसाठी राखावी. फाळक्यांच्या वाटाण्याच्या अंकुरापासून हुसेन ह्यांच्या छत्रीपर्यंतचा प्रवास व्याख्यानांतून सांगावा, आणि जे पट आज मिळतात ते प्रत्यक्ष दाखवावेत. शाळांनीही ते मुलांना दाखवावेत आणि दाखवल्यानंतर तात्पर्य विचारू नये. मुलांनी काय पाहिले एवढेच विचारावे. तेवढ्या उत्तराला त्यांचा बराच वेळ लागेल आणि तो वेळ सत्कारणी लागलेला असेल.